चिबाहाचा पाला

बापानं मुलीचं नाव मुचानेता ठेवलं, तेव्हा त्याचं शेजारच्या चुलतभावांशी भांडण चाललं होतं. न्दाऊ बोलीत त्या नावाचा अर्थ ‘तुम्हीच दमाल’. दिवसातून दहा वेळा अंगणात उभं राहून मुलीला मोठ्यानं हाक मारायची आणि ती चुलतभावांच्या कानात ओतायची, एवढाच त्याचा हेतू. पुढे भांडण मिटलं, चुलतभाऊ म्हातारे होऊन गेले, नाव मात्र मुलीच्या अंगात मुरलं. बावन्नाव्या वर्षी चिपिंगेच्या डोंगरउतारावर तिच्याइतकी भरवशाची वैदीण दुसरी नव्हती, आणि ही गोष्ट तिला कुणी सांगायची गरजही नव्हती.

तिचं मुख्य औषध म्हणजे चिबाहाची साल. वाळवून कुटायची, चिमूटभर कोमट पाण्यात कालवायची. खोकला, छातीतला कफ, हिवतापाची कणकण, पोटातली मुरड, सगळ्यावर तीच. डोकं ठणकत असेल तर भुकटी तपकिरीसारखी नाकात ओढायची. तोंड आलं असेल तर तिच्या गुळण्या. जिभेवर ठेवली की आधी काहीच लागत नाही. माणूस म्हणतो, हे काय लाकूड दिलंत! आणि मग एकदम निखारा ठेवल्यासारखी जीभ पेटते. अलीकडे तोंड आलेले लोक फार येत. तरणीताठी माणसं, शहरातून किंवा खाणींवरून परतलेली, हडकुळी, जिभेवर दह्यासारखा पांढरा थर. घास गिळता येत नसे. मुचानेता त्यांना स्पष्ट सांगे, “मी तोंड मोकळं करून देईन. आतलं मोठं दुखणं माझ्या हातातलं नाही, त्याला इस्पितळात जा. पण रिकाम्या पोटी कशाला जाता?”

तिच्या लहानपणी त्या रानात चिबाहाची अकरा झाडं होती. लोकांनी मुळांसकट ओरबाडून नेली. उरलं एकच, ओढ्याच्या वरच्या घळीत, कड्याच्या आडोशाला. ते बापानं तिला दाखवलं होतं आणि तिनं कुणाला दाखवलं नव्हतं. एका वर्षी उगवतीच्या बाजूनं दोन वितींची पट्टी काढायची, पुढच्या वर्षी मावळतीच्या बाजूनं, आणि जखमेवर शेणमातीचा लेप द्यायचा. असं करत तिनं त्या एका झाडावर तीस वर्षं माणसं बरी केली.

ऑगस्टच्या अखेरीस, रान कोरडं ठणठणीत असताना, ती टोपली घेऊन घळीत गेली आणि जागच्या जागी थांबली. झाड सोललं होतं. घोट्याच्या उंचीपासून शिडी पोचेल तिथवर, चारी बाजूंनी, एक बोटभर साल ठेवली नव्हती. उघडा बुंधा कातडं काढलेल्या बकऱ्यासारखा दिसत होता. वरची पानं मात्र हिरवीगार, चकाकत होती. आपण मेलोय हे झाडाला अजून कळलं नव्हतं.

मुचानेता दगडावर बसली. तपकिरीची डबी काढली, एक चिमूट ओढली, शिंकली, डोळे पुसले. मग उठून बुंध्याजवळ गेली आणि जखम बोटांनी चाचपली. पटाशीनं सोलली होती. आणि प्रत्येक पट्टीच्या जागी लाकडावर एक बारीक उभी रेघ उठली होती, पात्याला खाच पडली असली की उठते तशी. अशीच रेघ असलेल्या सालीचे तुकडे तिनं गेल्या वर्षी बसच्या थांब्यावर, गोणपाटावर मांडलेले पाहिले होते. दुसऱ्या झाडाची साल होती ती, पण पटाशी तीच. गोणपाटामागे तिचा धाकटा दीर जेफाता बसलेला होता.

“अस्सं,” ती झाडाला म्हणाली. “घरचाच निघाला.”

पण जेफाताचा हिशेब नंतर. आधी झाड. मुचानेता पोरसवदा असताना चार वर्षं चहाच्या मळ्यात खपली होती. तिथे दर काही वर्षांनी चहाची झुडपं गुडघ्याखाली छाटत. पहिल्यांदा तो नुसत्या बुडख्यांचा डोंगर पाहून तिला रडू आलं होतं. मुकादम हसला होता. तीन महिन्यांनी त्याच बुडख्यांवर पोपटी कोंबांचे झुपके आले. जमिनीखाली जीव असला की वरचं गेलं तरी चालतं, हे तिनं तेव्हा डोळ्यांनी पाहिलं होतं. आता तिनं वाकून चिबाहाचं बूड पाहिलं. जमिनीलगत वीतभर साल शाबूत होती. पानांकडून मुळांकडे अन्न उतरायची वाट वर तुटली होती. मुळं आता साठवणीवर जगणार, आणि वरचा पसारा त्यांच्याकडून पाणी ओढत राहणार. महिना-दोन महिन्यांत साठवण संपली की सगळंच संपलं. तोडायचं असेल तर आजच, साल शाबूत आहे त्या वीतभर जागेत, आणि तिरकं, म्हणजे पाणी बुडख्यावर साचणार नाही.

ती घरी गेली, कुऱ्हाडीला धार लावली आणि परत आली. झाडासमोर गुडघे टेकून दोन्ही तळहातांनी हळू टाळ्या वाजवल्या. “बाबा, तुमचं झाड तोडतेय,” ती मोठ्यानं म्हणाली. “तिकडे कुणी विचारलं तर सांगा, पोरीला ठाऊक आहे ती काय करतेय.” आणि तिनं पहिला घाव घातला.

झाड पडलं तेव्हा उन्हं कलली होती. आवाज खालच्या पाणवठ्यापर्यंत गेला. पाण्याला आलेल्या बायका वर धावत आल्या आणि त्यांनी काय पाहिलं? शेवटचा चिबाहा आडवा, आणि त्याच्या शेजारी कुऱ्हाड टेकवून वैदीण मक्याचं आंबवलेलं महेवू पितेय.

दुसऱ्या दिवशी सकाळीच अंजिराखाली पंचायत बसली. पुरुष आपापल्या चौरंगांवर, बायका चटयांवर. गावप्रमुख म्वाएद्झा हा शांत, जाडजूड माणूस. पण त्या दिवशी त्याचे डोळे तांबारलेले होते. त्याचा मुलगा एलिसन जोहान्सबर्गच्या खाणीतून दोन महिन्यांपूर्वी हाडांचा सापळा होऊन परतला होता, आणि त्याच्या तोंडाला मुचानेताचंच औषध चालू होतं.

“वैदीणबाई, कुऱ्हाड तुम्हीच चालवलीत?” म्वाएद्झानं विचारलं.

“मीच. दुसऱ्याच्या हातात दिली असती तर बूड चेचून ठेवलं असतं.”

चटयांवर खसखस पिकली. जेफाता ताडकन उठला. डोक्यावर फेल्टची हॅट, अंगात कोट, थांब्यावर औषधं विकताना घालतो तोच.

“ऐकलंत? वहिनींना काही वाटतंय का बघा! पूर्वजांचं झाड. आपल्या बापजाद्यांनी फांदी मोडताना परवानगी मागितली, आणि हिनं मुळावर घाव घातला. उद्या पाऊस पडला नाही तर कुणाच्या दारात जायचं?”

“तुमच्या दारात येऊ, भावजी,” मुचानेता म्हणाली. “तुमच्या गोणपाटावर पावसाचंही औषध असतं म्हणे.”

आता पुरुषही हसले. म्वाएद्झानं हात वर केला. “थट्टा पुरे. बाई, झाड का तोडलंत?”

“ते आधीच मेलं होतं. कुणीतरी चारी बाजूंनी सोललं होतं, जाऊन बघा. मी बूड तेवढं वाचवलंय. पाऊस लागायच्या आत त्याला कोंब येतील.”

“आणि कोणी सोललं?”

मुचानेतानं जेफाताकडे पाहिलं. तो कोटाचं बटण चाचपत होता. “ते मला माहीत आहे,” ती सावकाश म्हणाली, “पण आज माझ्यावर खटला आहे, त्याच्यावर नाही. माझं आधी उरका.”

जेफाता खाली बसला.

म्वाएद्झा म्हणाला, “तीन महिने. तोवर बुडख्याला कोंब आला तर तुमच्यावर दोष नाही. नाही आला तर एक गाय दंड, आणि पुन्हा या रानात औषधाला पाऊल टाकायचं नाही.”

“एक का? दोन घ्या,” मुचानेता म्हणाली. “पण पैज दोन्हीकडून हवी. कोंब आला, तर या हद्दीत चिबाहाची साल कुणी काढायची नाही, मीसुद्धा नाही. आणि मी रोप देईन त्या घरानं ते लावायचं, जगवायचं.”

“कुठली रोपं? एक बुडखा उरलाय!”

“ते माझ्यावर सोडा.”

एवढ्या माणसांसमोर एक बाई दोन गाई पणाला लावते म्हटल्यावर प्रमुखाला नाही म्हणता येईना.

खरं तर रोपांचं तिला एकटीला जमणार नव्हतं, आणि हे तिला ठाऊक होतं. झाड पडलं त्याच संध्याकाळी तिनं हरारेच्या बसड्रायव्हरकडे निरोप दिला होता: झिवाईला सांग, शेवटचं झाड आडवं पडलंय, ओल्या फांद्या चार दिवस टिकतील, जे काय लागतं ते घेऊन ये.

झिवाई तिची भाची, थोरल्या भावाची मुलगी. विद्यापीठात औषधशास्त्र शिकवायची. तिसऱ्या दिवशी ती बसमधून उतरली ती प्लास्टिकचा कागद, दोनशे काळ्या पिशव्या, मुळं फुटायची पांढरी पूड आणि स्पिरिटच्या बाटल्या घेऊन. रीतीप्रमाणे आत्यासमोर गुडघे टेकून टाळ्या वाजवल्या आणि उठता उठता म्हणाली, “आत्या, मी तीन वर्षांपूर्वी सांगत होते. सालीत जे आहे तेच पानात आहे. ऐकलं असतंस तर झाड कुणी सोललंच नसतं.”

“आल्या आल्या सुरू झालीस? पाणी तरी पी.”

“पिते. पण आज उत्तर दे.”

“उत्तर तेच. पाला शेळ्या खातात. औषध सालीत असतं, मुळात असतं. माझ्या बापानं पाल्याचं औषध कधी कुणाला दिलं नाही.”

“आजोबांच्या वेळी अकरा झाडं होती. त्यांना गरज काय होती?”

मुचानेतानं भाचीच्या हातात कोयता दिला आणि दोघी घळीत गेल्या. दोन दिवस त्यांनी शेंड्याच्या कोवळ्या फांद्यांचे वीत-वीत तुकडे केले, पूड लावून पिशव्यांत खोचले, ओढ्याकाठी सावलीत मांडून वर प्लास्टिक ताणलं. शिडी पोचली नव्हती तिथल्या फांद्यांची साल काढली, ती भरली अर्धं पोतं. आणि मग उरला पाला. ढीगच्या ढीग, माणसाच्या छातीएवढा.

“साल वर्षभर पुरेल,” झिवाई म्हणाली. “पैज जिंकलीस तर त्यानंतर साल काढायची नाही, हे तूच बोलून बसलीस. मग पुढे काय देणार लोकांना?”

मुचानेतानं ढिगाकडे पाहिलं. एक पान चुरगळून हुंगलं. मग म्हणाली, “वाळव थोडा. साल वेगळी कुट, पाला वेगळा कुट. मी डोळे बांधून बसते. तू एकेक जिभेवर ठेव. मला फसवलंस तर तुझ्या बापाला सांगेन.”

चार दिवसांनी अंगणात ती परीक्षा झाली. शेजारच्या दोघीतिघी कामं टाकून बघायला आल्या. झिवाईनं सहा पुड्या केल्या होत्या. पहिली जिभेवर पडली. मुचानेता गप्प बसली, मग तिच्या नाकपुड्या फुलल्या. “साल.” पाणी, उकडलेल्या केळ्याचा घास, जरा विश्रांती. दुसरी. “साल.” तिसरी. इथे ती थबकली. बऱ्याच वेळानं म्हणाली, “पाला.” असं करत सहाच्या सहा झाल्या. झिवाईनं डोळ्यांवरचं फडकं सोडलं.

“सहापैकी पाच बरोबर.”

“आणि चुकली कुठली?”

“दुसरी. तू साल म्हणालीस, तो पाला होता.”

शेजारणी ओरडल्या. मुचानेताच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, तिखटानं की कशानं हे सांगणं कठीण. ती खो खो हसायला लागली. “तीस वर्षं ही जीभ चुकली नाही आणि शेळीच्या चाऱ्यानं चुकवली!” मग तेच फडकं तोंडाला लावून गंभीरपणे म्हणाली, “ऐक. साल घशाला धरते. पाला जिभेच्या शेंड्याला धरतो, थोडा उशिरा, थोडा कमी. पण धरतो. चिमटीऐवजी दीड चिमूट घेतली तर काम होईल असं वाटतं. वाटतं म्हणतेय. माणसावर पाहिल्याशिवाय बोलणार नाही.”

माणूस समोरच होता. ती एलिसनकडे गेली. तो भिंतीला टेकून उन्हात बसला होता, मांडीवर साद्झाची, मक्याच्या घट्ट उकडीची, थाळी तशीच.

“एलिसन, सरळ सांगते,” ती म्हणाली. “सालीनं तुझं तोंड निम्मं मोकळं झालंय. आता पाच दिवस पाल्याच्या गुळण्या द्यायच्या म्हणतेय. मी हे आधी कुणाला दिलेलं नाही. वाढलं तर लगेच सालीवर आणेन, पोतं घरात आहे. नको म्हणालास तरी राग नाही.”

एलिसन हसला, त्या हसण्यानंही त्याचे ओठ चिरले. “मावशी, खाणीत आम्हाला न विचारता खाली सोडायचे. तुम्ही विचारलंत तरी. द्या.”

म्वाएद्झा दारात उभा होता. थाळी त्यानं स्वतः उचलून नेली.

पहिले दोन दिवस फरक नव्हता. तिसऱ्या दिवशी कडेचा पांढरा थर सुटायला लागला. पाचव्या दिवशी एलिसननं भेंडीच्या बुळबुळीत कालवणाबरोबर साद्झाचे चार घास खाल्ले; सातव्या दिवशी अख्खी थाळी, आणि आईला विचारलं, कोंबडी का नाही कापली?

झिवाई पाला घेऊन हरारेला गेली होती. ती महिन्यानं परतली ती काचेच्या चपट्या बशांचे फोटो घेऊन. बशीत तोंडातल्या त्या पांढऱ्या बुरशीची साय धरलेली, आणि मध्ये ठिपके. ठिपक्यांभोवती बुरशी मेलेली, स्वच्छ गोल कडी.

“हा सालीचा अर्क, हा पाल्याचा,” तिनं दाखवलं.

मुचानेतानं मक्याचे दाणे आणवले आणि फोटोवर ओळीनं मांडून दोन्ही कडी मोजली. सालीचं कडं तीन दाण्यांचं, पाल्याचं दोनाला थोडं जास्त.

“दीड चिमूट,” ती म्हणाली. “मी काय सांगितलं होतं?”

“तू बरोबर होतीस,” झिवाई हसली. “आत जी द्रव्यं आहेत ना, पोलिगोडायल त्यातलं एक. ते बुरशीच्या कातडीला भोकं पाडतं. आतला रस गळून जातो आणि बुरशी मरते. जिभेला आग लावणारंही तेच.”

“काय नाव म्हणालीस?”

“पोलिगोडायल.”

“तिखटाला नाव ठेवायला एवढी मोठी शाळा लागते होय!” पण तिनं ते नाव चारदा म्हणून पाहिलं, आणि पुढे परगावचा कुणी वैद्य आला की हमखास त्याच्यासमोर टाकायची.

“एक मात्र सांगते, आत्या,” झिवाई म्हणाली. “हे बशीतलं आहे. बशी म्हणजे माणूस नव्हे. एलिसनला इस्पितळात दाखवायचंच.”

“बुधवारी नेणार आहे. मीच नेणार आहे. तुला काय वाटलं, मला माझी हद्द कळत नाही?”

या सगळ्यात जेफाता राहिला होता. त्याची भेट मुचानेतानं पंचायतीनंतर आठवड्याभरात घेतली होती. थांब्यावर गिऱ्हाइकांची गर्दी असताना ती गोणपाटासमोर येऊन बसली, सालीचा एक तुकडा उचलला आणि त्यावरच्या रेघेवरून अंगठा फिरवला.

“भावजी, पटाशीला खाच पडलीय. घासून घ्या.”

जेफाताचा चेहरा उतरला. गिऱ्हाइकं पांगेपर्यंत तो पुड्या बांधत राहिला. मग खालच्या आवाजात म्हणाला, “मुतारेचा एक व्यापारी मागत होता. मला वाटलं, साल परत येते. तुम्ही काढता तेव्हा येतेच की. तुमच्या मागोमाग आलो एकदा घळीत.”

“मी दोन विती काढते. तुम्ही त्याचा अख्खा सदरा उतरवलात.”

“पंचायतीत का नाही बोललात?”

“बोलले असते तर तुमच्याकडून एक बकरा गेला असता, आणि तो प्रमुखाच्या घरी शिजला असता. मला त्याचा काय उपयोग? मला पाणी हवंय. ओढ्याकाठच्या पिशव्यांना रोज दोन वेळा, आणि बुडख्याला एक दिवसाआड. पाऊस लागेपर्यंत.”

“मी? बादल्या वाहू? हा कोट घालून?”

“कोट काढून ठेवा.”

जेफाता पाणी वाहू लागला. कुरकुरत, शिव्या घालत, पण वाहिलं. लोकांनी विचारलं तर म्हणे, वहिनी एकटी पडलीय, घरचा माणूस नको का? मुचानेतानं हेही ऐकलं आणि सोडून दिलं.

सहा आठवडे झाले. बुडखा होता तसाच, करडा, मुका. पिशव्यांतल्या कितीतरी काड्या काळ्या पडल्या. लोक वाटेत भेटले की गाईंची चौकशी करू लागले: तांबडी देणार की बांडी? “तुमचीच विकून टाका, चरायला जागा कमी पडेल,” मुचानेता म्हणे. घरी आल्यावर मात्र तिनं एकदा बुडख्याच्या सालीला नखानं बारीक ओरखडा काढून आणलेला कण दिव्याशी धरून पाहिला. हिरवा होता. ती जेवून गाढ झोपली.

आठव्या आठवड्यात जेफाता सकाळी सकाळी धावत आला. पायांत चपला नाहीत. “वहिनी! आले होते! कोंब आले होते!”

“होते म्हणजे?”

“रात्री कुणीतरी खाल्ले. बकऱ्या असतील नाहीतर हरीण. नुसते खुंट उरलेत.”

ती घळीत गेली. बुडख्याच्या कडेला पाच ठिकाणी, नखाएवढ्या हिरव्या चावलेल्या खुणा. जेफाता डोकं धरून बसला होता, जणू त्याच्याच गाई चालल्या होत्या. मुचानेता वाकली, हुंगलं, आणि सरळ उभी राहिली. “पाच आले तर अजून येतील. मुळात जोर आहे. आता कुंपण हवं, आज.”

कुंपण घालायला आला एलिसन. कुणी बोलावलं नव्हतं. काठी टेकत, दर पन्नास पावलांवर थांबत तो घळीत चढला, आणि बापानं डोक्यावरून आणलेल्या बाभळीच्या फांद्या त्यानं एकेक करून रोवल्या. खाणीत लाकडी आधार रोवायचं काम केलेला माणूस; त्याच्या हाताला ते कुंपण असं बसलं की त्यातून ससा गेला नसता. म्वाएद्झा काटे काढत शेजारी बसला होता. न्यायाधीशानंच आरोपीच्या झाडाला कुंपण घालावं की नाही, हा प्रश्न त्या दिवशी कुणी विचारला नाही.

पाऊस त्या वर्षी पंधरा दिवस उशिरा आला. तोवर बुडख्यावर सात कोंब हातभर झाले होते, पानं लालसर पोपटी. तीन महिने भरले त्या दिवशी अख्खं गाव घळीत चढलं. म्वाएद्झानं कुंपणापलीकडून बोटानं मोजले, दोनदा मोजले.

“सात,” तो म्हणाला. “दोष नाही.”

“आणि माझी अट?” मुचानेतानं विचारलं.

“अट लागू. साल बंद. कुणी सोललं तर गाय.” त्यानं जमावाकडे पाहिलं. “मुचानेताचं नाव घेऊन सांगतो, ती स्वतःसुद्धा नाही.”

दोनशे काड्यांपैकी एकतीस जगल्या होत्या. मुचानेतानं त्या एकतीस घरांत वाटल्या, आणि लावायच्या जागा स्वतः निवडल्या. पहिलं रोप एलिसनच्या खोलीमागे. दुसरं जेफाताकडे, ते त्यानं थांब्यावरून दिसेल असं, रस्त्याच्या बाजूला लावलं.

एलिसन त्यानंतर दीड वर्ष जगला. इस्पितळात क्षयाचं औषध मिळालं, मोठ्या दुखण्याचं त्या काळी चिपिंगेत मिळत नव्हतं. पण शेवटपर्यंत तो तोंडानं जेवला. मातीच्या दिवशी म्वाएद्झा मुचानेताजवळ येऊन एवढंच म्हणाला, “भुकेला गेला नाही.” तिनं त्याचा हात धरून ठेवला. त्या दिवशी तिच्याकडे दुसरं औषध नव्हतं आणि तिनं असल्याचं दाखवलंही नाही.

चौथ्या वर्षी चिपिंगेत वैद्यांचा मोठा मेळावा भरला. साठ-सत्तर जण, झेब्र्याच्या शेपट्या, मण्यांच्या माळा, काही सुटाबुटात. झिवाईनं भिंतीवर कड्यांची चित्रं लावली आणि बोलली. लोकांनी आदरानं जांभया दिल्या. मग मुचानेता पाल्याचं पोतं खांद्यावरून उतरवत पुढे आली. सावे नदीकाठचा एक म्हातारा वैद्य, पांढऱ्या दाढीचा, पहिल्या रांगेतूनच म्हणाला, “पाला? बाई, आम्ही इतक्या लांबून आलो ते शेळ्यांचं खाणं बघायला?”

“मीही हेच म्हणायची, आजोबा. तुमच्यापेक्षा मोठ्यानं म्हणायची,” मुचानेता म्हणाली. तिनं एक वाळकं पान त्याच्या हातावर ठेवलं. “चावा. नीट चावा. घाई नाही.”

म्हाताऱ्यानं पान तोंडात टाकलं, चावलं, आणि सभेकडे वळून हात पसरले: काही नाही! लोक हसले. मुचानेता कमरेवर हात ठेवून उभी राहिली. तिनं मनात दहापर्यंत मोजलं असेल नसेल, म्हाताऱ्याचे डोळे मोठे झाले. त्यानं तोंड उघडलं, मिटलं, पाण्याचा तांब्या ओढून घेतला आणि अर्धा रिकामा केला. दाढीवरून पाणी गळत होतं.

मागच्या रांगा बघायला उभ्या राहिल्या.

“किती मात्रा देता?” म्हाताऱ्यानं घोगऱ्या आवाजात विचारलं.

“सालीची एक चिमूट, तर याची दीड.”

“आणि रोप?”

“बाहेर बसच्या टपावर चाळीस बांधून आणलीत, आमच्या बुडख्याच्या काड्यांची,” मुचानेता म्हणाली. “तुमचं तुम्ही उचला. सावलीत लावा, बकऱ्यांपासून जपा, आणि तीन वर्षं हात लावू नका.”

म्हातारा उठला. त्याच्यामागे आणखी दोघं उठले, मग एक अख्खी रांग. जेफाता टपावर चढून रोपं खाली देत होता आणि प्रत्येकाला बजावत होता, “मुळाशी धरा हो, मुळाशी! शेंड्याला धरून काय नेता?”